चेहऱ्यावरचे राठ केस: काढा जरूर, पण कारणही शोधा

बाईच्या चेहऱ्यावर लव असतेच. बारीक, फिकट, उन्हात तिरपं पाहिलं तरच दिसणारी. ती तशीच राहिली तर तिच्यासाठी काहीही करायची गरज नाही. लक्ष द्यायचं ते वरच्या ओठावर, हनुवटीवर, जबड्याच्या कडेला, गळ्यावर किंवा कल्ल्यांच्या जागी काळे, जाड, बोटाला टोचणारे केस येऊ लागले की. अँड्रोजेन ही हार्मोन्स प्रत्येक स्त्रीच्या शरीरात असतात. बीजांडकोश आणि मूत्रपिंडावरच्या अ‍ॅड्रिनल ग्रंथी ती तयार करतात. त्यांचं प्रमाण वाढलं, किंवा प्रमाण ठीक असूनही केसांची मुळं त्यांना जास्त दाद देऊ लागली, की त्या भागातली लव राठ होते.

पैसे आणि वर्षं वाया जातात ती पुढची गोष्ट माहीत नसल्यामुळे. एकदा राठ झालेला केस, हार्मोन ताळ्यावर आले म्हणून, सहसा पुन्हा लव होत नाही. आणि लेझरने आजचे केस गेले तरी हार्मोन तसेच राहिले, तर शेजारची लव राठ होत राहते. औषध नव्या केसांना अडवतं, लेझर जुन्यांना घालवतं. गरज असेल तर दोन्ही बरोबर चालवायचं. नुसतं लेझरचं पॅकेज घेऊन दोन वर्षांनी पुन्हा तिथेच येणाऱ्या बायकांच्या बाबतीत बहुतेक वेळा मधली तपासणीच राहून गेलेली असते.

आधी नीट बघा

खिडकीपाशी, दिवसाच्या उजेडात आरसा घ्या. डॉक्टर शरीराचे नऊ भाग पाहतात: वरचा ओठ, हनुवटी, छाती, पोटाचा वरचा भाग, बेंबीखालचा भाग, पाठीचा वरचा भाग, कंबर, दंड आणि मांड्या. प्रत्येक भागाला ० ते ४ गुण देऊन बेरीज करतात. बरेच डॉक्टर ८ किंवा अधिक गुण म्हणजे केस जास्त असं धरत आले आहेत. पीसीओएस म्हणजे बीजांडकोश आणि हार्मोन्सचा बिघाड; त्यावरच्या २०२३ च्या आंतरराष्ट्रीय मार्गदर्शिकेनुसार वंशानुसार ४ ते ६ गुणांपासूनच दखल घ्यायला हवी. हाताच्या पुढच्या भागावरचे आणि पोटऱ्यांवरचे केस यात धरत नाहीत, तेव्हा फक्त तिथे केस जास्त असतील तर हार्मोनची शंका घेऊ नका. तपासायला जाण्याआधी वॅक्स-थ्रेडिंग करून जाऊ नका. अगदीच नको वाटलं तर वाढ झालेली असताना मोबाइलवर जवळून फोटो काढून ठेवा.

सोबत वहीत चार गोष्टी लिहा. गेल्या वर्षभरातल्या पाळीच्या तारखा. केस कधीपासून आणि किती वेगाने वाढले. मान, काख किंवा कोपरांवर मखमलीसारखा जाडसर काळेपणा आहे का. तो घासून जाणारा मळ नसतो, इन्सुलिन नीट काम करत नसल्याची ती खूण असते. आणि चालू असलेली सगळी औषधं.

औषधांमध्ये चेहऱ्याला लावायची क्रीम न चुकता धरा. गोरेपणासाठी किंवा वांगांसाठी म्हणून मेडिकलमधून आणलेल्या ट्यूबवर बीटामेथासोन, क्लोबेटासोल किंवा मोमेटासोन असं लिहिलेलं असेल तर ते स्टेरॉइड आहे. महिनोन्‌महिने लावलं की त्यानेच चेहऱ्यावर केस वाढतात, त्वचा पातळ होते, लाल शिरा दिसू लागतात. अशी क्रीम बरेच दिवस लावत असाल तर एकदम बंद केल्यावर चेहरा भडकतो. त्वचारोगतज्ज्ञांना दाखवून हळूहळू सोडवा. फिटसाठीचं व्हॅल्प्रोएट, डॅनाझोल, केस वाढवण्यासाठी डोक्याला लावायचं मिनॉक्सिडिल, जिममधली स्टेरॉइड इंजेक्शनं यांनीही केस वाढतात. मिनॉक्सिडिल लावल्यावर हात धुवा आणि ते कपाळावर ओघळू देऊ नका.

काही लक्षणांना थांबायला वेळ नसतो. थोड्याच महिन्यांत केस झपाट्याने वाढले, आवाज घोगरा झाला, कपाळाच्या बाजूंना टक्कल पडू लागलं, योनीवरचा क्लिटोरिसचा भाग मोठा झाला, पाळी अचानक थांबली, तर त्याच आठवड्यात डॉक्टर गाठा. क्वचित का होईना, बीजांडकोशाच्या किंवा अ‍ॅड्रिनलच्या गाठीमुळे असं होतं.

तपासण्या

जास्त केस असलेल्या बहुसंख्य स्त्रियांमध्ये कारण पीसीओएस निघतं, ज्याला आपल्याकडे सर्रास पीसीओडी म्हणतात. निदानासाठी तीनपैकी दोन गोष्टी लागतात: अनियमित पाळी, अँड्रोजेन वाढल्याची लक्षणं किंवा रक्तात पुरावा, आणि सोनोग्राफीत बारीक पिशव्यांनी भरलेले बीजांडकोश. म्हणजे पाळी नियमित आहे, केस नाहीत, मुरुमं नाहीत आणि फक्त सोनोग्राफीच्या कागदावर ‘पीसीओडी’ लिहिलंय, तर तेवढ्यावर निदान होत नाही. उलट पाळी अनियमित आणि केस राठ असतील, आणि बाकीची कारणं तपासून बाजूला काढली असतील, तर सोनोग्राफीवाचूनही निदान होतं. सोनोग्राफीत दिसतात त्या गाठी नसतात, वाढ अर्धवट थांबलेल्या बीजांच्या बारीक पिशव्या असतात. त्या काढून टाकायच्या नसतात.

रक्त द्यायचं ते पाळीच्या २ ते ५ दिवसांत, सकाळी. टेस्टोस्टेरॉन, १७-हायड्रॉक्सिप्रोजेस्टेरॉन, प्रोलॅक्टिन, थायरॉइड, आणि डॉक्टरांना वाटलं तर डीएचईएएस, म्हणजे अ‍ॅड्रिनलमधून येणारं अँड्रोजेन. यातलं १७-हायड्रॉक्सिप्रोजेस्टेरॉन अनेकदा राहून जातं. अ‍ॅड्रिनलचा एक जन्मजात, सौम्य दोष हुबेहूब पीसीओएससारखा दिसतो आणि तो याच चाचणीत सापडतो. पाळीच येत नसेल तर दिवसाची वाट पाहू नका. गर्भनिरोधक गोळ्या चालू असतील तर हार्मोनचे आकडे खोटे दिसतात. खरे आकडे हवे असतील तर साधारण तीन महिने त्या बंद लागतात, आणि हे डॉक्टरांशी बोलूनच करायचं. केसगळतीसाठीच्या गोळ्यांमधल्या बायोटिनमुळेही काही यंत्रांवर आकडे चुकतात, म्हणून त्या दोन-तीन दिवस आधी थांबवा. पीसीओएस असेल तर ७५ ग्रॅम ग्लुकोज पिऊन करायची साखरेची चाचणी आणि कोलेस्टेरॉल करून घ्याच. केसांपेक्षा पुढचा मधुमेह जास्त महत्त्वाचा आहे.

सगळे रिपोर्ट नॉर्मल आणि पाळी वेळेवर, असंही पुष्कळदा होतं. तेव्हा दोष मुळांच्या संवेदनशीलतेचा असतो आणि पुढचे सगळे उपाय तिथेही लागू पडतात.

घरच्या घरी आणि पार्लरमध्ये

रेझरने केस जाड होतात ही समजूत इतकी घट्ट आहे की बायका सगळ्यात निर्धोक उपाय सोडून सगळ्यात त्रासदायक उपाय करत बसतात. न कापलेल्या केसाचं टोक निमुळतं असतं, कापल्यावर ते बोथट होतं, म्हणून हाताला खरखरीत लागतं. त्वचेखालच्या मुळापर्यंत पातं पोचतच नाही, तेव्हा केसांची जाडी, संख्या किंवा वेग वाढण्याचा प्रश्न येत नाही.

चेहऱ्यासाठीचा एकपाती छोटा रेझर घ्या. आंघोळीनंतर, त्वचा मऊ असताना, कोरफडीच्या जेलचा पातळ थर लावा. एका हाताने त्वचा ताणून धरा; ओठासाठी वरचा ओठ दातांवर आत ओढा. पातं त्वचेशी साधारण ४५ अंशांत धरून केस वाढतात त्याच दिशेने छोटे छोटे हात फिरवा, दाबू नका. एका जागेवरून दोनदाच. उलट्या दिशेने फिरवलं की केस त्वचेखाली कापला जातो आणि आतल्या आत वाढून पुळी येते. मग गार पाणी आणि साधं मॉइश्चरायझर. त्या दिवशी व्हिटॅमिन सी, रेटिनॉल, अ‍ॅसिडवालं सीरम काही लावायचं नाही. पातं स्पिरिटने पुसून कोरडं ठेवा, तीन-चार वापरांनंतर टाका, बहिणीबहिणींतही वाटून घेऊ नका. पिकलेली मुरुमं असतील तेवढी जागा सोडा.

थ्रेडिंग ओठासाठी ठीक. मात्र नवा दोरा घ्यायला सांगा, आणि दोरा दातात न धरता गळ्यात अडकवून करणारी बाई शोधा. चेहऱ्यावरच्या चपट्या चामखिळी थ्रेडिंगच्या रेषेत एका ओळीत पसरलेल्या दिसतात, त्या अशाच निष्काळजीपणातून.

हनुवटीच्या राठ केसांना चिमट्याने रोज उपटणं हे मात्र थांबवा. केस अर्धवट तुटतो, त्वचेखाली वळतो, तिथे सूज येते, आणि आपल्या गव्हाळ-सावळ्या त्वचेत प्रत्येक सूज काळा डाग ठेवून जाते. काही वर्षांनी केसांपेक्षा हनुवटीचा काळपटपणाच जास्त सलतो. एखाद-दुसरा केस उपटला तर बिघडत नाही. चाळीस केस असतील तर रेझर.

वॅक्सबद्दल एकच कडक सूचना: मुरुमांसाठी आयसोट्रेटिनॉइनच्या गोळ्या चालू असतील, किंवा बंद करून सहा महिने झाले नसतील, तर चेहऱ्याला वॅक्स नाही. पट्टीबरोबर त्वचा सोलून येते. ट्रेटिनॉइन किंवा अ‍ॅडापॅलिन क्रीम लावत असाल तर आठवडाभर आधी थांबवा. हेअर रिमूव्हल क्रीम चेहऱ्यासाठी म्हणून लिहिलेलीच घ्या आणि वेळ घड्याळ लावून पाळा. ब्लीच बारीक लवेवर चालतं, पण सावळ्या चेहऱ्यावर राठ केस सोनेरी झाले की उलट उठून दिसतात. क्रीम असो वा ब्लीच, कोपराच्या आतल्या बाजूला लावून २४ तास वाट पाहा.

बेसन-हळदीचा लेप चोळला की सुकताना थोडी लव ओढली जाते, तेवढाच त्याचा परिणाम. मुळावर काहीच होत नाही, आणि रोज चोळल्याने त्वचा काळवंडते.

लेझर

लेझरचा प्रकाश केसातल्या काळ्या रंगात शिरतो आणि तिथल्या उष्णतेने मूळ जळतं. त्वचेतही तोच रंग असतो, म्हणून सावळ्या त्वचेला भाजण्याचा धोका जास्त. आपल्या रंगाला १०६४ नॅनोमीटरचं एनडी-याग सगळ्यात सुरक्षित, ८०० ते ८१० नॅनोमीटरचं डायोड अनुभवी हातात चांगलं. क्लिनिकमध्ये मशीन कोणतं, बटण कोण दाबणार, आणि जवळ त्वचारोगतज्ज्ञ असतील का, हे विचारा. उत्तर नीट मिळालं नाही तर पॅकेजची सवलत कितीही मोठी असो, उठून या. जबड्याखाली एका लहान जागी चाचणी घेऊन काही दिवस थांबायला सांगा.

आधी चार आठवडे वॅक्स, थ्रेडिंग, चिमटा, ब्लीच बंद, कारण मूळ जागेवर आणि काळं असायला हवं. रेझर चालतो, सिटिंगच्या आदल्या दिवशी फिरवूनच जायचं. चेहऱ्याला दर चार ते सहा आठवड्यांनी, सहा ते आठ सिटिंग लागतात, कारण कोणत्याही दिवशी काहीच केस वाढीच्या अवस्थेत असतात आणि लेझर त्यांनाच मारतं. नंतर प्रत्येक केसाच्या बुडाशी लालसर फुगवटा येतो आणि एक-दोन दिवसांत जातो. फोड आला, पापुद्रा धरला तर लगेच कळवा. पुढच्या दोन आठवड्यांत जळलेले केस वर ढकलले जातात. ते वाढलेले नसतात, गळणार असतात. दोन बोटांवर मावेल इतकं, एसपीएफ ३० किंवा वरचं सनस्क्रीन रोज.

गालावरच्या बारीक लवेवर लेझर करू नका, कोणी कितीही आग्रह केला तरी. गाल, जबडा आणि मानेवर लेझरच्या कमी पडलेल्या उष्णतेने लव उलट राठ झाल्याचं दिसतं, आणि दक्षिण आशियाई व पीसीओएस असलेल्या स्त्रियांत ते जास्त घडतं. पांढऱ्या केसांवर लेझर चालत नाही. पाळी गेल्यावर हनुवटीवर येणाऱ्या मोजक्या पांढऱ्या केसांसाठी इलेक्ट्रोलिसिस करतात, ज्यात प्रत्येक मुळात बारीक सुई घालून करंट देतात. वेळखाऊ आहे, पण ते मूळ कायमचं जातं.

औषधं

गर्भनिरोधक गोळ्या पहिल्या पायरीच्या. त्या टेस्टोस्टेरॉनचं उत्पादन आणि रक्तात मोकळं फिरणारं प्रमाण, दोन्ही कमी करतात. धूम्रपान, वाढलेला रक्तदाब, पायात रक्ताची गुठळी झालेली असणं, डोळ्यांपुढे चमकून सुरू होणारी अर्धशिशी यांपैकी काही असेल तर आधी सांगा. सहा महिन्यांत पुरेसा फरक नाही पडला तर अँड्रोजेनचा परिणाम अडवणारं स्पायरोनोलॅक्टोन जोडतात, बहुधा दिवसाला ५० ते २०० मिलिग्रॅम. यात गरोदर राहायचं नाही, कारण मुलगा असेल तर त्याच्या वाढीवर परिणाम होऊ शकतो. मेटफॉर्मिन साखरेला आणि पाळीला मदत करतं, केसांवर त्याचा फारसा उपयोग नाही. फक्त केसांसाठी ते घेत असाल तर डॉक्टरांशी पुन्हा बोला. कोणतंही औषध असो, सहा महिन्यांच्या आत निकाल काढू नका.

इफ्लॉर्निथिन १३.९ टक्के ही क्रीम केस काढत नाही, वाढ मंद करते. दिवसातून दोनदा, आठ तासांच्या अंतराने, केस काढून पाच मिनिटांनी लावायची आणि चार तास धुवायची नाही. फरक दिसायला आठ आठवडे लागतात, सोडल्यावर तेवढ्याच दिवसांत वाढ पूर्ववत होते. लेझरबरोबर ओठावर तिचा चांगला उपयोग होतो. गरोदरपणात नको.

वजन जास्त असेल तर ५ ते १० टक्के कमी झालं तरी पाळी आणि साखर सुधारते. केसांवर परिणाम त्यामानाने थोडा. ज्यांचं वजन मुळात ठीक आहे त्यांना ‘वजन कमी करा’ सांगणाऱ्या डॉक्टरांकडून पुढे काय करायचं ते विचारून घ्या.

शाळकरी मुलीला ओठावर केस आले म्हणून शाळेत चिडवत असतील, तर ‘लग्नाआधी बघू’ म्हणून तिला तसंच ठेवू नका. रेझर किंवा थ्रेडिंग तिला आजही चालतं. पाळी सुरू होऊन आठ वर्षं झाली नसतील तर पीसीओएससाठी सोनोग्राफी करायची नसते, त्या वयात बीजांडकोश तसेच दिसतात. पाळीच्या तारखा आणि रक्ततपासणी पुरते. लेझर हार्मोन स्थिरावल्यावर, साधारण अठरानंतर जास्त टिकतं. मुलीला फार त्रास होत असेल तर त्याआधीही करता येतं, मात्र सिटिंग पुन्हा लागतील हे तिला आधीच सांगा.