'थिक ॲज अ ब्रिक २' ऐकायला बसण्याआधी

सगळ्यात आधी जेथ्रो टल या ब्रिटिश रॉक बँडचा १९७२ चा पहिला 'थिक ॲज अ ब्रिक' अल्बम ऐका, आणि त्याच दिवशी ऐका, कारण ४० वर्षांनी, २०१२ मध्ये बँडचा गायक आणि बासरीवादक इयन अँडरसनने स्वतःच्या नावावर जो दुसरा भाग काढला त्यातली निम्मी मजा जुना सूर अचानक ओळखीचा वाटण्यात आहे. पहिला ४४ मिनिटांच्या आसपास, दुसरा ५३-५४, मध्ये चहा, म्हणजे दोन तास मोकळे हवेत. गेराल्ड बॉस्टॉक म्हणजे पहिल्या अल्बमसाठी रचलेला आठ वर्षांचा कवी मुलगा. दुसऱ्यात तो मोठा होऊन कोण झाला असता, बँकर, बेघर, सैनिक, धर्मोपदेशक की साधा दुकानदार, एवढे पाच फाटे डोक्यात ठेवले की १७ गाण्यांत रस्ता चुकत नाही. गिटारवर बँडचा जुना गिटारवादक मार्टिन बार नाहीये, फ्लोरियन ओपाले आहे, त्यामुळे जुनी गिटार शोधत बसू नका.

आता फाइल. फ्लॅक (आवाजातलं काहीही न गाळता साठवणारा फाइल प्रकार) लिहिलंय म्हणून लॉसलेस, म्हणजे काही न गळलेली, असेलच असं नाही, एमपीथ्रीवरून परत फ्लॅक केलेल्या फाइलीही फिरतात, स्पेक्ट्रम, म्हणजे कुठल्या फ्रीक्वेन्सीला किती आवाज आहे त्याचा आलेख, बघा, १६ किलोहर्ट्झच्या वर सगळं सुरीने कापल्यासारखं दिसलं तर संशय घ्या. सीडी दर्जाची, म्हणजे १६ बिट ४४.१ किलोहर्ट्झची, खरी फाइल भरपूर झाली.

आणि वायरचे हेडफोन, प्लीज! मी एकदा सगळं जमवलं, सवयीने ब्लूटूथ लावला आणि अर्धा अल्बम संपल्यावर लक्षात आलं की हवेतून येताना आवाज पुन्हा कॉम्प्रेस होतोय. बऱ्याच नवीन फोनला हेडफोनचा जॅक नसतो, मग छोटा यूएसबी डॅक (डिजिटल सिग्नलचा आवाज करणारं, हेडफोन जोडता येणारं यंत्र) घ्या. प्लेअरमधलं क्रॉसफेड (एक गाणं विरताना दुसरं चढवणं), शफल, इक्वलायझर, व्हॉल्यूम सारखा करणारं नॉर्मलायझेशन, सगळं बंद, गॅपलेस, म्हणजे गाण्यांमध्ये खंड न पाडणारं सेटिंग, तेवढं चालू, नाहीतर एक गाणं दुसऱ्यात शिरतं तिथेच ठेच लागते.

पंखा एकवर आणा किंवा बंदच करा. बासरीत फुंकर जाण्याआधीचा तो श्वास, ॲकूस्टिक गिटारच्या तारेवरून बोट सरकल्याची बारीक किरकिर, या गोष्टींसाठीच तर एवढा खटाटोप, आणि त्या पंख्याखाली पार बुडतात. आवाज पहिल्या गाण्यातच ठरवून टाका, नंतर हात लावू नका. 'अ चेंज ऑफ हॉर्सेस' आठ मिनिटांचं आहे, त्याच्या आधी दिवा घालवा.