मराठवाड्यातून चित्रपट संपादनाकडे: आधी फुटेज सांभाळा, मग कापा

लातूर, बीड, परभणीकडची बरीच मुलं लग्नाच्या व्हिडिओंवर एडिटिंग शिकतात. त्याने हात बसतो, वेळेवर काम द्यायची सवय लागते. पण मराठी चित्रपटाच्या एडिट रूममध्ये सुरुवात होते ती सहायक म्हणून, आणि तिथे पहिली परीक्षा फुटेज सांभाळण्याची असते.

सेटवरून कार्ड आलं की चेकसम (प्रत मूळ फाइलसारखीच आहे का ते दाखवणारा आकडा) तपासणाऱ्या सॉफ्टवेअरनेच दोन डिस्कवर कॉपी करा. तिसरी प्रत दुसऱ्या जागी ठेवा. नुसतं ड्रॅग केलं तर एखादी क्लिप अर्धवट आल्याचं कार्ड फॉरमॅट झाल्यावर कळतं. प्रोरेस ४२२ एचक्यू हे उच्च दर्जाचं व्हिडिओ फॉरमॅट यूएचडीत, सेकंदाला २४ फ्रेमने, तासाला सुमारे ३२० जीबी खातं. म्हणून १०८० चे प्रॉक्सी, म्हणजे कापायला हलक्या प्रती, करायचे; ते तासाला १६ जीबीत बसतात. प्रॉक्सीचं नाव आणि टाइमकोड (फ्रेमवरचा वेळेचा क्रमांक) मूळ क्लिपचाच हवा, नाहीतर शेवटी कन्फॉर्म करताना, म्हणजे प्रॉक्सीच्या जागी मूळ फुटेज लावताना, काही जुळत नाही.

मग सिंक, म्हणजे चित्र आणि आवाज जुळवणं. क्लॅपची पट्टी टेकते ती फ्रेम आणि आवाजातला ठोका एकावर एक आणायचे. सेकंदाला २३.९७६ फ्रेमवर शूट झालेलं २४ च्या प्रोजेक्टमध्ये २४ च्याच वेगाने चाललं, तर दहा मिनिटांच्या टेकच्या शेवटी सुमारे १४ फ्रेमचा फरक पडतो. टेकच्या सुरुवातीला ओठ बरोबर जुळतात, म्हणून शेवटही तपासायचा. मोबाइलचं फुटेज बहुधा बदलत्या फ्रेम रेटचं असतं. ते आधी स्थिर रेटमध्ये बदलून घ्या.

कापण्याबद्दल एकच सांगतो, कारण इकडच्या मुलांचं खरं बळ तिथे आहे. आपल्या बोलीत वाक्याच्या शेवटी हेल लांबतो. शब्द संपला म्हणून तिथेच कट मारला की पात्र खोटं वाटायला लागतं. हा हेल ज्याच्या कानात लहानपणापासून आहे, त्याला कट कुठे हवा ते वेव्हफॉर्म (आवाजाचा आलेख) न बघताही कळतं. सरावासाठी आठवडी बाजारातला सौदा, दोघांची परवानगी घेऊन, दोन मोबाइलवर शूट करा. एकदा बोलणाऱ्याच्या चेहऱ्यावर कापा, एकदा ऐकणाऱ्याच्या. दृश्य कोणाचं आहे, तेच बदलतं.

पिक्चर लॉक झाल्यावर, म्हणजे चित्राचे कट पक्के झाल्यावर, साधारण वीस-वीस मिनिटांच्या रील (भाग) पाडून साउंडवाल्यांना एएएफ (टाइमलाइन दुसऱ्या सॉफ्टवेअरमध्ये नेणारी फाइल) आणि संदर्भ व्हिडिओ द्यायचा. चित्राच्या दोन सेकंद आधी एक फ्रेमचा पॉप (चित्र-आवाज जुळवायला लावलेला छोटा बीप) हवाच. लॉकनंतर एक फ्रेम जरी कमी झाली, तरी पुढचा सगळा आवाज सरकतो; म्हणून नवी आवृत्ती, नवं नाव, बदलांची लेखी यादी.

शिकायला पुण्याची एफटीआयआय ही सरकारी चित्रपट संस्था (स्थापना १९६०) आहे. नामवंत संपादक रेणू सलुजा तिथल्याच. संपादनाचा अभ्यासक्रम तीन वर्षांचा. कोणत्याही शाखेची पदवी चालते, पण प्रवेश परीक्षा द्यावी लागते. तिथे जमलं नाही तर रिझॉल्व्ह या एडिटिंग सॉफ्टवेअरची मोफत आवृत्ती घरच्या संगणकावर सरावाला पुरते. फक्त यूपीएस आधी घ्या. वीज मध्येच गेली तर रिझॉल्व्ह प्रोजेक्ट ज्यात साठवतं तो डेटाबेस बिघडू शकतो, म्हणून रोज काम संपलं की प्रोजेक्ट एक्सपोर्ट करून दुसऱ्या ड्राइव्हवर टाका.

काम मागायला जाताना शोरीलसोबत (निवडक कामाचा व्हिडिओ) एक नीट लावलेला प्रोजेक्टही न्या. संपादक आधी तुमचे बिन (प्रोजेक्टमधले क्लिपचे फोल्डर) उघडून बघतो.