कामारोनेस गिसादोस: पोर्तो रिकोचा कोळंबी-टोमॅटो रस्सा घरी कसा करावा

या रश्शात कोळंबी सगळ्यात शेवटी पडते आणि विस्तवावर जेमतेम तीन मिनिटं राहते. रश्शाला चव येते ती तिच्या सालांतून आणि डोक्यांतून. एवढं पटलं की बाकी सगळं सोपं आहे. ‘कॅरिबियन कोळंबी’ म्हणून ज्या पाककृती फिरत असतात त्यातल्या कितीतरी नेमकं उलटं सांगतात: कोळंबी टोमॅटोत घाला, झाकण ठेवा, पंधरा-वीस मिनिटं मंद आचेवर शिजू द्या. वीस मिनिटांत चांगली बोटभर कोळंबी आक्रसून बटणाएवढी होते आणि खोडरबरासारखी लागते. महागाची मासळी अशी वाया घालवायला कुणी सांगू नये, म्हणून हे लिहितेय.

कॅरिबियन म्हणजे काही एकच स्वयंपाकघर नव्हे. क्युबात याच जातीच्या पदार्थाला ‘एन्चिलादो’ म्हणतात, नावात ‘चिले’ असूनही तो तिखट नसतो आणि त्यात पांढरी वाइन पडते. डोमिनिकन रिपब्लिकमधल्या सामाना या भागात नारळाचं दूध घालतात. त्रिनिदादमध्ये हिरव्या वाटणाशिवाय पान हलत नाही. मी सांगतेय ती पोर्तो रिकोची पद्धत. कामारोनेस म्हणजे कोळंबी आणि गिसादोस म्हणजे रश्शात शिजवलेली. न्यू जर्सीत आमच्या वरच्या मजल्यावर पोन्से शहराकडच्या एक आजी राहायच्या. त्यांच्या ओट्यापाशी उभी राहून मी हे शिकले. नंतर तिकडच्या गोठवलेल्या कोळंबीचं कितीदा केलं त्याला मोजदाद नाही, आणि दर सुट्टीत अलिबागला आईकडे ताज्या कोळंबीचंही करते.

काय काय लागेल

चौघांसाठी सालं-डोक्यांसकट एक किलो कोळंबी आणा, सोलून साधारण अर्धा किलो उरते. मध्यम ते मोठी घ्या. करंदी या कामाची नाही. सोललेली कोळंबी विकत आणू नका. कोळीण सोलून देत असेल तर सालं आणि डोकी वेगळी बांधून मागा. ती टाकून दिलीत तर पुढचं वाचण्यात अर्थ नाही.

टोमॅटोबद्दल एक इशारा. तिकडच्या पाककृतीत ‘टोमॅटो सॉस’ लिहिलेलं असतं ते केचप नव्हे. त्यात केचपसारखी साखर आणि व्हिनेगर नसतं, तो मुख्यतः गाळलेला, थोडा आटवलेला टोमॅटो असतो. आपल्याकडे सॉस म्हटलं की बाटलीतलं केचपच डोळ्यांसमोर येतं आणि लोक तेच ओततात. मग रस्सा गोडमिट्ट होतो आणि दोष पदार्थाला जातो. चार लालबुंद टोमॅटो गरम पाण्यात टाकून सोला आणि मिक्सरमधून काढा. सोबत दोन मोठे चमचे टोमॅटो पेस्ट हवी.

त्याशिवाय दहा-बारा हिरवे ऑलिव्ह, एक चमचा केपर (खारवलेल्या छोट्या कळ्या), अर्धा चमचा ओरेगॅनो, मिरी. तेजपान हवं ते भूमध्य समुद्राकडचं, म्हणजे लॉरेल. आपलं तमालपत्र वेगळ्याच झाडाचं. त्याच्या पानावर तीन उभ्या शिरा असतात आणि वास दालचिनीकडे झुकतो. लॉरेल नसेल तर पानच घालू नका. आलं, गरम मसाला, हळद यांचं इथे काम नाही.

सालांचं पाणी

कोळंबी सोला, पाठीतला काळा दोरा काढा, धुऊन फ्रिजमध्ये ठेवा. सालं-डोकी चमचाभर तेलात पाच मिनिटं परता. ती केशरी होतात आणि घरभर खमंग वास सुटतो. तीन भांडी पाणी घालून वीस मिनिटं उकळा आणि गाळताना डोकी पळीने चांगली दाबा, सगळा अर्क तिथेच असतो. दीड-दोन भांडी पाणी निघेल.

सोफ्रितो आणि रंग

सोफ्रितो म्हणजे पोर्तो रिकोच्या निम्म्याअधिक रश्शांचं वाटण. एक मोठा कांदा, आठ लसूण पाकळ्या, एक ढोबळी मिरची, मूठभर कोथिंबीर आणि तिकडे मिळतात त्या दोन खास वस्तू: आही दुल्से आणि रेकाओ. आही दुल्से ही सुरकुतलेली छोटी मिरची. दिसायला जहाल हाबानेरोसारखी, पण चवीला गोडसर आणि वासाला अप्रतिम. रेकाओ म्हणजे लांब, दातेरी कडांची पानं, वास कोथिंबिरीचाच पण कितीतरी उग्र. ती आपल्या ईशान्येकडच्या राज्यांत खातात, इकडच्या बाजारात क्वचित दिसतात. नसतील तर कोथिंबीर काड्यांसकट दुप्पट घ्या आणि निम्मी ढोबळी मिरची लाल घ्या. अलिबागला मी तसंच करते आणि ते छान होतं. हे सगळं भरड वाटायचं, गंध करायचा नाही.

रंग येतो आचिओते तेलाचा. आचिओते म्हणजे आपली शेंदरी. तिचं शास्त्रीय नाव ‘बिक्सा’ हे पोर्तो रिकोच्या मूळ रहिवाशांच्या, ताइनो लोकांच्या ‘बिहा’ या शब्दावरून आलं. याच बियांचा लाल रंग ते अंगाला लावत. तीन चमचे तेलात एक चमचा बिया अगदी मंद आचेवर तीन-चार मिनिटं ठेवा, तेल नारिंगी झालं की गाळून घ्या. बिया काळ्या पडल्या तर ते तेल कडू होतं, टाकून द्या. बिया मिळाल्याच नाहीत तर अर्धा चमचा काश्मिरी तिखट तेलात सोडा.

आता या तेलात वाटण परता, आठ-दहा मिनिटं. इथे मराठी हात आवरावा लागतो. आपण कांदा तांबूस होईपर्यंत थांबतो, सोफ्रितो तांबूस करायचा नाही. त्याचं पाणी आटलं, कच्चा लसणीचा वास गेला की झालं. मग टोमॅटो पेस्ट घालून दोन मिनिटं परता, वाटलेले टोमॅटो, ऑलिव्ह, केपर, ओरेगॅनो, मिरी, लॉरेलचं पान आणि सालांचं दीड भांडं पाणी घाला. मीठ आत्ता नको, ऑलिव्ह आणि केपर खारे असतात.

शेवटची पाच मिनिटं

इथेच माझा हा रस्सा तीनदा बिघडला, म्हणून हे नीट वाचा.

पहिल्यांदा मी आईच्या कालवणासारखं केलं. रस्सा हवा तेवढा दाट झाल्यावर कोळंबी घातली. दोन मिनिटांत तो पाण्यासारखा पातळ झाला. मला वाटलं, अजून आटवू. आटेपर्यंत दहा मिनिटं गेली आणि कोळंबी वाया गेली. दुसऱ्यांदा कॉर्नफ्लोर लावून दाट केला. त्याला एक चिकट चकाकी आली आणि टोमॅटोची चव बोथट झाली. तिसऱ्यांदा एका पाककृतीत सांगितल्याप्रमाणे कोळंबी आधी कडक तव्यावर लालसर करून बाजूला ठेवली आणि शेवटी रश्शात टाकली. हा सल्ला तर सर्रास दिला जातो. त्यात कोळंबी दोनदा शिजते आणि तव्यावर आलेला खरपूसपणा ओल्या रश्शात मिनिटभरही टिकत नाही. करू नका.

आजींना मी हे सांगितलं तेव्हा त्यांनी माझ्यासमोर रस्सा केला आणि कोळंबी घालायच्या आधी मला भांड्यात बघायला लावलं. त्यांच्या काल्देरोत, म्हणजे जाड ओतीव ॲल्युमिनियमच्या पातेल्यात, मधोमध त्यांनी लाकडी चमचा ओढला. तळ उघडा पडला आणि रस्सा दोन्हीकडून सावकाश सरकत परत मिटला. माझ्या डोळ्यांना तो रस्सा नव्हताच, भाकरीला लावून खायच्या चटणीएवढा दाट होता. मी म्हटलं, हा जास्त आटलाय. त्या म्हणाल्या, थांब, पाणी कोळंबी आणेल.

ही गोम आहे. कोळंबी शिजताना आक्रसते आणि अंगातलं पाणी सोडते. म्हणून ती घालायच्या आधी रस्सा तुम्हाला पानात हवा त्याहून बराच दाट असला पाहिजे. मध्यम आचेवर पंधरा-वीस मिनिटं तरी लागतात. चमच्याने ओढलेली वाट दोन सेकंद उघडी राहिली की तयार. त्याआधी घाई करू नका, घरचे कितीही हाका मारोत.

गोठवलेली कोळंबी असेल तर आणखी जपा. पाकिटावरचं बारीक अक्षर वाचा. सोडियम ट्रायपॉलीफॉस्फेट लिहिलेलं असेल तर तिला पाणी धरून ठेवायला लावलेलं असतं आणि ते सगळं तुमच्या रश्शात उतरतं. नुसती कोळंबी आणि फार तर मीठ, एवढंच लिहिलेलं पाकीट घ्या. रात्रभर फ्रिजमध्ये किंवा पिशवीसकट गार पाण्यात ठेवून सुटी करा, मायक्रोवेव्ह नको. ताजी असो वा गोठवलेली, घालण्याआधी स्वच्छ फडक्याने एकेक टिपून कोरडी करा. मला हे काम पूर्वी फाजील वाटायचं. एकदा टिपलेलं फडकं पिळून पाहिलं, तर वाटीत चांगलं दोन-तीन चमचे पाणी जमलं. टिपल्यावर चिमूटभर मीठ लावा आणि पंधरा मिनिटं ओट्यावर राहू द्या, म्हणजे बर्फासारखी गार कोळंबी उकळत्या रश्शात पडणार नाही.

आता खरी वेळ. रश्शाला उकळी आणा, कोळंबी एका थरात पसरा, लगेच आच अगदी कमी करा. रस्सा नुसता थरथरायला हवा, बुडबुडे फुटायला नकोत. दोन मिनिटांनी एकेक उलटा. आणखी एक मिनिट, आणि गॅस बंद. झाकण ठेवा आणि चार मिनिटं हात लावू नका. कोळंबी ६० ते ६३ अंश सेल्सिअसला शिजते आणि उकळता रस्सा १०० अंशांच्या आसपास असतो. राहिलेलं काम त्या उष्णतेने आपोआप होतं. काल्देरोसारखं जाड भांडं ही ऊब धरतं. पातळ पातेलं असेल तर गॅसवर मिनिटभर जास्त ठेवा.

झाली की नाही हे रंगावरून ओळखू नका. लालसर रंग फार लवकर येतो, तेव्हा आतून ती कच्चीच असते. आकार बघा. विळ्यासारखी वाकली की तयार. डोकं-शेपूट टेकून कडं झालं की उशीर झाला. शंका असेल तर सगळ्यात मोठी उचला आणि डोक्याकडच्या जाड भागात कापा. मांस पांढरं पण ओलसर, चकचकीत हवं. काचेसारखं पारदर्शक दिसलं तर झाकण ठेवून आणखी दोन मिनिटं. वेगवेगळ्या आकाराची कोळंबी असेल तर मोठी आधी घाला, लहान उलटवायच्या वेळी.

आता चाखून मीठ घाला. फार दाट वाटला तर सालांचं उरलेलं पाणी गरम करून चमच्या-चमच्याने घाला. वरून कोथिंबीर आणि थोडं लिंबू.

वाढताना

पांढरा मोकळा भात. हौस असेल तर तोस्तोनेस: कच्ची राजेळी केळी जाड कापून तळायची, वाटीच्या बुडाने चपटी करायची, पुन्हा तळायची. वसईची सुकेळी ज्या राजेळीची होतात तीच, पण हिरवीगार. साधी भाजीची केळी तेवढी कुरकुरीत होत नाहीत. रस्सा तिखट नसतो आणि नसावा. ज्याला तिखट हवं त्याच्यासाठी तिकडे टेबलावर ‘पीके’ असतं, मिरच्या मुरवलेल्या व्हिनेगरची बाटली. ती मी घरात कायम करून ठेवते.

पाहुणे येणार असतील तर रस्सा सकाळीच चमचा ओढण्याच्या टप्प्यापर्यंत आणून ठेवा. संध्याकाळी तो आणखी चांगला लागतो. कोळंबी मात्र सगळे पानावर बसायच्या दहा मिनिटं आधी. उरला तर दुसऱ्या दिवशी भांडं तसंच गॅसवर चढवू नका. कोळंबी वेचून बाजूला काढा, नुसता रस्सा खळखळून उकळा, गॅस बंद करा, मग कोळंबी परत घालून झाकण ठेवा.