दानत, दातृत्व, औदार्य : मानपत्र लिहिताना या चुका टाळा

देणगीदाराचा सत्कार ठरतो महिनाभर आधी, आणि मानपत्र लिहायला घेतात आदल्या रात्री. मग कुणाचं तरी जुनं मानपत्र फोनवर मागवायचं, नाव बदलायचं आणि माझ्याकडे पाठवायचं, "फक्त एक नजर टाका." वर्षानुवर्षं त्याच चुका पाहतोय.

सगळ्यात घातक चूक ‘दानत’ या शब्दाची. तो ‘दान’वरून आला असं बहुतेकांना वाटतं. मुळात तो अरबी ‘दियानत’. अर्थ सचोटी, प्रामाणिकपणा. हिंदी-उर्दूत ‘दियानतदार’ आजही आहे. मराठीत त्याचा अर्थ मनाची वृत्ती, नियत असा झाला आणि ‘दान’शी नाद जुळल्यामुळे देण्याची वृत्ती असाही रुळला. "पैसा आहे, पण दानत नाही" हे अस्सल मराठी. पण नुसती ‘दानत’ चांगली की वाईट, ते वाक्य ठरवतं.

एका निवृत्त परिचारिकेने गावच्या शाळेला प्रयोगशाळेसाठी ग्रॅच्युइटीतली मोठी रक्कम दिली. मानपत्रात ओळ होती, "ताईंची दानत साऱ्या गावाला ठाऊक आहे." व्यासपीठावरून ती वाचली गेली आणि मागच्या रांगेत हसू फुटलं. आपल्याकडे "तुझी दानत ठाऊक आहे मला" हे भांडणातलं वाक्य! कार्यक्रम संपल्यावर ताई ती फ्रेम हातात घेऊन माझ्यापाशी आल्या, त्या ओळीवर बोट ठेवलं आणि म्हणाल्या, "असं काय हो वागले मी?" ते बोट अजून डोळ्यांसमोर आहे.

तेव्हापासून गौरवाचं प्रत्येक वाक्य मी रागाच्या सुरात मोठ्याने वाचून बघतो. टोचलं की बदलतो. "देण्याची दानत त्यांच्याकडे आहे" असं लिहा, किंवा सरळ ‘दातृत्व’ वापरा.

आता ‘दातृत्व’. हा शब्द ‘दातृत्त्व’ असा संगमरवरावर कोरलेलाही पाहिलाय, आणि दगडावरचा जादा त कोण खोडणार? ‘महत्त्व’मध्ये दोन त आहेत, कारण ‘महत्’चा एक आणि ‘त्व’चा एक. ‘दातृ’ला शेवटी त् नाही, म्हणून एकच. नेतृत्व, कर्तृत्व, मातृत्व तसेच. फोनने सुचवलेला शब्द डोळे मिटून घेऊ नका. एकदा कागदावर दातृ + त्व असा फोडून लिहा. दहा सेकंदही लागत नाहीत, आणि तेवढा धीर नसेल तर दुसऱ्याचा गौरव लिहायला बसूच नये.

‘औदार्यता’ नको. ‘उदार’चं भाववाचक नाम ‘औदार्य’ किंवा ‘उदारता’, दोन्ही एकदम नाही.

‘दानशूर’चा शू दीर्घ.

‘सडळ’ नव्हे, ‘सढळ’. मूळ संस्कृत ‘शिथिल’, म्हणजे सैल. आवळलेली मूठ सोडून दिलेलं. आणि त्याच्याशी ‘हस्ते’ जोडू नका. ‘सढळ हातानं’ म्हणा, आपल्या आज्या म्हणायच्या तसं.