कॉलेज फुटबॉलच्या कोचची कारकीर्द कशी वाचावी

अमेरिकेत ओहायोतल्या कोलंबसला नव्यानं आलेली मराठी मंडळी पहिल्याच हंगामात मला विचारतात, ‘हा रायन डे नक्की चांगला की वाईट? ऑफिसात रोज भांडणं चालतात.’ डे म्हणजे इथल्या ओहायो स्टेट विद्यापीठाच्या अमेरिकन फुटबॉल संघाचा हेड कोच, मुख्य प्रशिक्षक. मी उत्तर देत नाही. त्यांना मोबाइलवर डेच्या कारकिर्दीचा तक्ता उघडायला लावते आणि एकूण जय-पराजयाच्या ठळक आकड्यावर अंगठा ठेवायला सांगते. तो आकडा आधी पाहिला की बाकीचं कुणी वाचतच नाही.

सुरुवात करायची ती हाताखालच्या वर्षांपासून. कॉलेजात खेळून झालं की बहुतेक जण ग्रॅज्युएट असिस्टंट होतात. पुढची पदवी करता करता संघाचं पडेल ते काम करायचं. फी माफ, हातात किरकोळ पैसे, आणि प्रतिस्पर्ध्याच्या सामन्यांचे व्हिडिओ बघण्यात रात्री जायच्या. त्यानंतर एकाच गटाचा कोच, म्हणजे नुसते क्वार्टरबॅक (चेंडू फेकून चढाई चालवणारे) किंवा नुसते टाइट एंड (समोरच्याला अडवणारे आणि चेंडू झेलणारेही). मग कोऑर्डिनेटर, अख्खी चढाई किंवा अख्खा बचाव त्याच्याकडे. हेड कोच त्यानंतर. डेच्या यादीत न्यू हॅम्पशायर, बोस्टन कॉलेज, फ्लोरिडा, टेम्पल, पुन्हा बोस्टन कॉलेज, पुन्हा टेम्पल, पुन्हा बोस्टन कॉलेज, मग एनएफएल या व्यावसायिक लीगमधले दोन संघ आणि २०१७ साली ओहायो स्टेट असा प्रवास दिसेल. दर थोड्या वर्षांनी बिऱ्हाड हलवायचं! बायकोमुलांचा रकाना तक्त्यात नसतो, पण तो मनात धरून वाचा.

या यादीत जागांपेक्षा माणसं बघा. गवयाचं घराणं विचारतो ना, तसं कोण कुणाकडे शिकला ते विचारायचं. डे न्यू हॅम्पशायरला क्वार्टरबॅक होता तेव्हा चढाईची आखणी चिप केलीकडे होती. पुढे एनएफएलमध्ये दोन्ही संघांत डे केलीच्याच हाताखाली होता. आणि २०२४ साली हाच केली यूसीएलए या कॅलिफोर्नियातल्या विद्यापीठाचं हेड कोचपद सोडून डेच्या हाताखाली चढाई सांभाळायला कोलंबसला आला. गुरू शिष्याकडे नोकरीला! त्याच मोसमात ओहायो स्टेटनं राष्ट्रीय अजिंक्यपद घेतलं. नुसत्या जय-पराजयाच्या आकड्यात हे तुम्हाला कुठून दिसणार?

आता हेड कोच म्हणून वर्षवार ओळी. यासाठी मी नेहमी निक सेबन या गाजलेल्या कोचचा तक्ता काढते. सात राष्ट्रीय अजिंक्यपदं, एक एलएसयू (लुईझियाना स्टेट) विद्यापीठाला आणि सहा अलाबामा विद्यापीठाला, हे सगळ्यांना पाठ असतं. तुम्ही मिशिगन स्टेटच्या १९९५ ते १९९९ या ओळींवर थांबा. पहिली चार वर्षं सहा किंवा सात विजय, त्यापुढे गाडी सरकत नाही. १९९८ साली हा तक्ता पाहून कुणी त्याला देव मानलं नसतं. पण त्याला हातात काय मिळालं होतं? आधीच्या कोचच्या काळातल्या नियमभंगाची शिक्षा संघ भोगत होता, खेळाडूंना देता येणाऱ्या शिष्यवृत्त्या कापल्या गेल्या होत्या. पाचव्या वर्षी नऊ विजय झाले आणि सेबन एलएसयूला गेला. म्हणून नव्या जागेची पहिली ओळ वाचताना त्याच विद्यापीठाची आदल्या कोचची शेवटची ओळ शेजारी ठेवा. आणि चौथ्या वर्षाआधी मत देऊ नका. तोवर जुन्या कोचनं निवडलेली बहुतेक पोरं पास होऊन बाहेर पडलेली असतात. २०२१पासून खेळाडूंना एक वर्ष बाहेर न बसता संघ बदलता येतो आणि जाहिराती वगैरे करून स्वतःच्या नावावर पैसेही कमावता येतात, त्यामुळे हल्ली दुसऱ्या वर्षीच अंदाज येतो. जुन्या आणि नव्या ओळी एकाच काट्यावर तोलू नका.

तक्त्यातल्या चांदण्या, म्हणजे तळटिपांच्या खुणा, सोडू नका. सेबनच्या २००७ समोर २–६ दिसतं, म्हणजे दोन विजय, सहा पराभव. मैदानावर ते ७–६ होतं. पाठ्यपुस्तकांच्या गैरव्यवहारामुळे पाच विजय पुसले गेले. आमच्या ओहायो स्टेटचा जुना कोच जिम ट्रेसेल, त्याचे २०१०चे बाराही विजय असेच गेले. गंमत अशी, की विजय पुसला तरी हरलेल्याचा पराभव तसाच राहतो. डेच्या नावापुढे २०१८ साली ३–० आहे, तेही कोड्यात टाकतं. तेव्हाचा हेड कोच अर्बन मायर निलंबित होता, म्हणून ते तीन सामने डेनं हंगामी सांभाळले. कायमचा हेड कोच तो २०१९च्या मोसमापासून.

आता अंगठा काढायला हरकत नाही, पण त्याआधी कट्टर प्रतिस्पर्ध्याचा हिशेब वेगळा मांडा. तो तक्त्यात नसतो, एकेका वर्षात जाऊन शोधावा लागतो. आमच्याकडे तो प्रतिस्पर्धी म्हणजे मिशिगन विद्यापीठ (सेबनचं मिशिगन स्टेट वेगळं), सामना नोव्हेंबरच्या शेवटी. ट्रेसेलच्या आधीचा कोच जॉन कूपर, त्यानं इथे १११ सामने जिंकले, ४३ हरले. कुठेही मिरवावा असा आकडा. मिशिगनविरुद्ध मात्र दोन विजय, दहा पराभव, एक बरोबरी. कूपर गेला त्यामागे हे मोठं कारण होतं. डेसुद्धा २०२१ ते २०२४ सलग चार वेळा मिशिगनकडून हरला. चौथा पराभव १३–१०, घरच्या मैदानावर. त्या आठवड्यात गावात त्याला काढा म्हणणारे किती होते ते मी कानांनी ऐकलंय. पुढच्या जानेवारीत अजिंक्यपद आलं, तरी चिडलेले सगळे शांत झाले असं म्हणणार नाही.

शेवटी करार. सरकारी विद्यापीठांच्या कोचचे करार बहुधा बातम्यांत तपशिलानं येतात. पगाराची ओळ सोडा, मुदतीआधी काढलं तर किती द्यावे लागतील ते कलम शोधा. २०२३च्या नोव्हेंबरात टेक्सस ए अँड एम विद्यापीठानं कोच जिम्बो फिशरला घरी पाठवलं, तेव्हा साडेसात कोटी डॉलरपेक्षा जास्त देणं डोक्यावर घेतलं. सोमवारी ऑफिसात कुणी ‘हाकला त्याला’ म्हणालं, की आधी त्याला ही रक्कम विचारा.