रिसॉर्टवरच्या लग्नाचा हिशेब

पन्हाळ्याजवळच्या रिसॉर्टवर लेकीचं लग्न केलं, तेव्हा आधी ताटं मोजली. रिसॉर्टवाले किमान ताटं ठरवून घेतात. माणसं कमी आली तरी पैसे तेवढेच. म्हणून आकडा आखडता सांगा, वाढीव ताटाचा दर मात्र आधीच ठरवा. दर करासकट की वगळून, हे विचाराच. आमची 250 ताटं, दर 1,400, म्हणजे साडेतीन लाख. त्यावर 18 टक्के जीएसटी, आणखी 63,000 रुपये! खोल्या फक्त मुक्कामी पाहुण्यांना. कोल्हापूर जवळच, बाकीच्यांना बस करा. तांबडा-पांढरा तिथं नकोच, लग्नानंतर घरी आचारी बोलवा. बाहेरचा फेटेवाला, मांडववाला चालतो का, तेही लिहून घ्या. आम्ही तोंडी शब्दावर राहिलो आणि जनरेटरचं भाडं ऐनवेळी वेगळं भरलं.