जुनी ‘श्यामची आई’, नवं पोस्टर

आमच्या आईला आचार्य अत्र्यांची १९५३ची ‘श्यामची आई’ हवी असते आणि जेलीफिनमध्ये (आपल्याकडच्या चित्रपटांच्या फाइल्स पोस्टरसकट मांडून दाखवणारं सॉफ्टवेअर) पोस्टर दिसतं २०२३च्या चित्रपटाचं. फाइलच्या नावात साल नसलं की हा घोळ होतोच.

आधी फोल्डर आणि फाइल, दोन्हींची नावं सुधारा: चित्रपटाचं नाव, एक जागा सोडून कंसात साल. नाव देवनागरीत चालतं; साल मात्र इंग्रजी आकड्यांतच टाका. मग जेलीफिनमध्ये त्या चित्रपटाच्या तीन टिंबांवर जाऊन ‘आयडेंटिफाय’ निवडा, नाव-साल टाकून शोधा. जुनी चित्रं बदलायच्या चौकटीत खूण हवीच, नाहीतर चुकीचं पोस्टर तिथंच चिकटून बसतं.

कलाकारांत वनमाला आणि माधव वझे दिसायलाच हवेत. नसतील तर त्याच तीन टिंबांतल्या ‘एडिट मेटाडेटा’त (चित्रपटाची माहिती बदलायची जागा) ही नावं स्वतः भरा आणि नोंद लॉक करा, नाहीतर पुढच्या रिफ्रेशमध्ये, म्हणजे जेलीफिन माहिती पुन्हा आणेल तेव्हा, ती पुसली जाऊ शकतात.